तात्पुरतं भिरभिरं

एका जंगलात, मुलांनो, झाडं पुष्कळ होती आणि समित्या झाडांहून थोड्या जास्त होत्या. जंगलाच्या चारही बाजूंना पाणी होतं. त्यामुळे आपल्याकडे कोणी येऊच शकत नाही, असा तिथल्या प्राण्यांचा ठाम समज होता. जमिनीवरून खरंच कोणी येत नसे. ससाणे वरून येत.

हे ससाणे पाण्यापलीकडच्या डोंगरावर राहायचे. सकाळी यायचे, शेंड्यांवरून घिरट्या घालायचे आणि जे पिलू बाहेर दिसेल ते उचलून न्यायचे. समितीने यावर वेळोवेळी तीव्र चिंता व्यक्त केली होती. ती ससाण्यांपर्यंत पोहोचली नसावी.

या जंगलात झिपरी नावाची एक खार राहत होती. तिचं बिऱ्हाड सावरीच्या झाडावर, पार शेंड्याजवळच्या ढोलीत होतं. वरून येणाऱ्याला पहिली ढोली तिचीच लागे. आत तिची पिलं होती, नुकते डोळे उघडलेली. त्यांना घेऊन खाली राहायला जायचं, तर खालच्या सगळ्या ढोल्यांत समितीची दप्तरं ठेवलेली होती. शेजारच्या फांदीवरचं होल्याचं पिलू ससाण्याने नेलं, ते झिपरीने डोळ्यांनी पाहिलं. त्या दिवसापासून तिला अन्न गोड लागेना.

ती सुतारकाकांकडे गेली. सुतारकाका म्हणजे सुतारपक्षी. म्हातारे, चिडके, दिवसभर कुठेतरी ठोकत बसलेले.

"काका, मला वर जायचंय. ससाण्याच्याही वर."

"आणि वर जाऊन काय करणार?"

"त्याला खाली पाठवणार."

काकांना हे उत्तर आवडलं. ते ठोकायला लागले.

त्यांनी जे बनवलं त्याला सगळे भिरभिरं म्हणू लागले. अंग पांगाऱ्याच्या हलक्या लाकडाचं. पंख जांभळीच्या पानासारखे, मध्ये रुंद आणि टोकाशी निमुळते. नाकावर पंखा, पंख्यामागे मडकं आणि मडक्यात भुंगे. वरून एका नळीने भुंग्यांना मध मिळे. मध मिळाला की भुंगे खूश होऊन गोल गोल फिरत, आणि त्यांच्याबरोबर पंखा फिरे. पंखांत साळिंदराचे काटे भरलेले होते. दोरी ओढली की काटे सुटत. हे कसं शक्य आहे, असं विचारू नका, मुलांनो. मोठी माणसं याहून अशक्य गोष्टींवर रोज सह्या करतात.

झिपरी त्यात बसली आणि उडाली. ससाण्यांनी आजवर उडणारी खार पाहिली नव्हती. ते बघत राहिले आणि बघता बघता काटे खाऊन परत गेले.

पण ससाणे हुशार होते. झिपरी मागे लागली की ते सरळ खाली सूर मारत. तिनेही नाक खाली केलं की नळीतला मध मागे पळे. भुंगे उपाशी राहत आणि पंखा बंद पडे. मग आकाशात एकदम शांतता होई, आणि आकाशातली शांतता काही चांगली नसते. एका ससाण्याने तर तिला पंख हलवून निरोपसुद्धा दिला. झिपरी कशीबशी तरंगत खाली आली.

काकांनी एक रिठ्याची बी घेतली. चोचीने तिला आरपार बारीक भोक पाडलं आणि बी नळीत दाबून बसवली. "आता मध मागे पळणार नाही. नाक खाली असो की वर, बेताबेताने येत राहील."

"एवढंच?"

"तात्पुरतं आहे गं. कायमचं नंतर बघू."

नेमका हाच शब्द समितीच्या कानावर गेला.

समितीचे अध्यक्ष होते गवेसाहेब. रानगवा. ते जिथे बसत तिथे पुढच्या पावसाळ्यापर्यंत गवत उगवत नसे. ते म्हणाले, "तात्पुरतं म्हणजे सदोष. आपण भिरभिऱ्याची सुधारून वाढवलेली आवृत्ती काढू."

सुधारणा किती झाली ते सांगता येत नाही. वाढ मात्र भरपूर झाली.

मगरीने पाण्यावर उतरणारी आवृत्ती मागितली. वटवाघळांनी रात्रीची मागितली. ती काळी रंगवली, आणि ती इतकी काळी झाली की सकाळपर्यंत आपल्यालाच सापडत नसे. मोर म्हणाला, मला गुलाबी हवी. सगळे त्याला हसले. पण उजाडताना आभाळही गुलाबी असतं ना? गुलाबी भिरभिरं ससाण्यांच्या डोंगरावरून फिरून आलं, सगळी घरटी पाहून आलं आणि कोणाला दिसलंसुद्धा नाही. समितीचं हे एकमेव यश. ते चुकून झालं होतं, म्हणून पुन्हा कोणी केलं नाही.

अस्वलाने पंखांखाली मोहाच्या दारूची गाडगी टांगायला लावली. किनाऱ्यावर पहारा करणाऱ्यांना उत्साह यावा, असं कारण दाखवलं होतं. या आवृत्तीची वाट मात्र सगळे अगदी वेळेवर पाहत.

मग दोघांच्या बैठकीची आवृत्ती आली. मागच्या बाजूला, मागे तोंड करून, खुद्द साळिंदरराव बसले. साळिंदर बसलंय म्हटल्यावर पंखांतले काटे काटकसर म्हणून काढून टाकले. पहिल्या दिवशी ससाणे मागून आले आणि नाक सुजवून घेऊन गेले. दुसऱ्या दिवशी ते समोरून आले.

"साळिंदरराव, जरा पुढे बघा," झिपरी म्हणाली.

"पुढे बघणं माझ्याकडे नाही," साळिंदरराव म्हणाले. "माझी नेमणूक मागे बघण्यावर आहे."

या सगळ्या आवृत्त्या उडवायला एकटी झिपरी. तिच्या अगदी नाकीनऊ आले. आणि तेवढ्यात तांबडा ससाणा आला.

तो इतर ससाण्यांसारखा नव्हता. तो सरळ वर चढे आणि चढतच राही. झिपरीचं भिरभिरं धापा टाकत अर्ध्यावर पोहोचायचं, तोवर तो वरून तिच्यावर झडप घालायला तयार असे. एका सकाळी तर तो तिला चकवून सावरीवर उतरला. झिपरी पोहोचेपर्यंत त्याने ढोलीत डोकावून घेतलं होतं.

"अजून बारीक आहेत," तो तिला म्हणाला. "थोडी भरू देत. मग येतो."

आणि खरंच निघून गेला. मुलांनो, एखादा ओरडून गेला तर बरं वाटतं. हा सावकाश बोलून गेला होता.

ती तडक समितीकडे गेली. गवेसाहेबांनी तिला प्रेमाने बसवून घेतलं. "झिपरीबाई, काळजीचं कारण नाही. आम्ही सर्वांगसुंदर भिरभिरं बनवतोय. नवं अंग, नवे पंख, पोटात ओढून घेता येणारे पाय. अगदी कायमस्वरूपी."

"कधी मिळेल?"

"पायांची उपसमिती बसली आहे."

"साहेब, मला आत्ता हवंय."

"घाईत केलेलं काम टिकत नाही, झिपरीबाई."

"काम नाही टिकलं तरी चालेल, साहेब. पिलं टिकायला हवीत."

साहेबांनी हे वाक्य इतिवृत्तात घ्यायला सांगितलं.

झिपरी काकांकडे आली आणि रडली. काकांना रडणं सहन होत नसे, त्यामुळे ते तिच्यावरच ओरडले. मग म्हणाले, "त्या सर्वांगसुंदरसाठी केलेलं दुहेरी मडकं माझ्याकडे पडून आहे. एकावर एक दोन मडकी, आत दांडगे भुंगे. उंचावर गेलं तरी दमत नाहीत. पण जुन्या अंगात ते बसायचं नाही."

"बसवा."

"नीट बसायचं नाही."

"नीट नको. नुसतं बसवा."

काकांनी इथे तासलं, तिथे ठोकलं, उरलेलं वाकाच्या दोरीने आवळलं. काम झाल्यावर त्यांनी पाटी लावली: तात्पुरते. ती लावावीच लागे. जंगलात नियम होता, की कायमच्या वस्तूला हात लावायचा तर समितीची परवानगी हवी, तात्पुरतीला नको. तात्पुरत्या गोष्टी दोन दिवसांत मोडणार, त्यांच्यासाठी समितीने का झिजावं, असा त्यामागे विचार होता.

तांबडा ससाणा आला. लांबून त्याला जुनंच भिरभिरं दिसलं. तो हसला आणि आरामात वर चढू लागला. पुरेसा वर गेल्यावर त्याने खाली पाहिलं. खाली कोणी नव्हतं. मग त्याला घूं घूं ऐकू आलं, वरून. बिचाऱ्याला वर बघायची सवयच नव्हती. शेपटीत काटे घेऊन तो असा गेला की पाणी ओलांडेपर्यंत त्याने श्वास घेतला नाही.

जंगलात आनंदीआनंद झाला. साळिंदररावांनी मागे बघत मिरवणूक काढली. आणि समितीने कृतज्ञता म्हणून ठराव केला, की हे तात्पुरतं भिरभिरं आजपासून कायम करण्यात येत आहे. पाटी बदलली. 'कायम' अशी झाली. झिपरीलाही कायम केलं आणि गळ्यात तशीच एक पाटी अडकवली.

कायम झाल्यापासून भिरभिरं एकदाही उडालं नाही.

त्याच्यात बिघाड काहीच नव्हता. एवढंच, की नळीतली रिठ्याची बी तडकली होती. पूर्वी काका दुसरी बसवून मोकळे झाले असते. आता अर्ज करावा लागला. समितीने विचारलं, बी कोणत्या झाडाची. मग विचारलं, झाड कोणाचं.

इकडे सर्वांगसुंदर भिरभिऱ्याची चाचणी झाली. त्यात भुंग्यांऐवजी गांधीलमाश्या होत्या, आणि त्या उलट्या दिशेने फिरत. भिरभिरं सरळ ठेवायला झिपरीने सवयीने नेहमीचाच पाय दाबला. भिरभिरं गर्रकन वळून समितीच्या मंडपात घुसलं. मंडपापर्यंतचं उड्डाण यशस्वी झाल्याची नोंद समितीने केली आणि मंडपासाठी वेगळी समिती नेमली.

आणि मग त्या सकाळी सावरीवर सावली फिरली. तांबड्याची शेपटी नव्याने उगवली होती. पिलंही भरली होती.

झिपरी धावत काकांकडे आली. "काका, बी बदला."

काकांनी चोच मागे घेतली. "कायम आहे गं ते. परवानगीशिवाय हात लावला तर माझं अवजार जप्त होईल."

"काका, तो वर आहे."

"मला दिसतंय," काका म्हणाले. पण ते जागचे हलले नाहीत.

झिपरी भिरभिऱ्यावर चढली आणि पाटी कुरतडायला लागली. खारीच्या दातांपुढे लाकूड ते काय. 'कायम' भुशासारखं खाली पडलं. त्या जागी तिने दातांनीच, वेड्यावाकड्या अक्षरांत कोरलं: तात्पुरते. गळ्यातली पाटीही तोडून टाकली. मग रिठ्याची नवी बी उचलून दातांनी भोक पाडायला घेतलं.

गवेसाहेब लगबगीने आले. म्हणजे चालत आले. "झिपरीबाई, हे काय चाललंय?"

"तात्पुरतं आहे, साहेब."

साहेबांनी पाटी वाचली. पुन्हा वाचली. साहेब नियमाचे पक्के होते. ते बाजूला झाले. काकांनी तेवढ्यात हळूच उडी मारली आणि चोचीने बी नळीत ठोकून बसवली.

तांबड्याने ढोलीत एक पाय घातला होता. आतून पिलांचं चिरकणं येत होतं. घूं घूं ऐकताच त्याने पाय काढला. या वेळी वर जायची चूक त्याने केली नाही. त्याने थेट खाली सूर मारला. आता मागे शांतता होणार, असं त्याने इतर ससाण्यांकडून ऐकलं होतं. झिपरीने नाक खाली केलं आणि डोळे मिटून घेतले.

शांतता झाली नाही. बी टिकली.

तांबडा अगदी पाण्याला टेकेपर्यंत घूं घूं त्याच्या मागे होतं. मग काटे सुटले. खाली मगर होती. तिचं पाण्यावर उतरणारं भिरभिरं अजून आलं नव्हतं, पण ससाणा आला. तिने तक्रार केली नाही.

झिपरी ढोलीत शिरली. पिलं कोपऱ्यात एकमेकांत घुसून बसली होती. तिने ती एकेक करून चाटून पाहिली. सगळी होती. मग तिला हुंदके आवरेनात.

संध्याकाळी गवेसाहेब झाडाखाली आले. मान वर करून त्यांनी विचारलं, "झिपरीबाई, हे तुमचं तात्पुरतं किती दिवस चालायचं?"

झिपरीने ढोलीतून डोकं बाहेर काढलं.

"कायमचं, साहेब."

तात्पर्य: मुलांनो, कोणतंही काम घाईघाईने, हाताला लागेल ते जोडून आणि आजचा दिवस निभावण्यापुरतंच करावं. नीट करायला घेतलेलं काम नीट होत राहतं, होऊन जात नाही. आणि आपल्या हातून चुकून काही चांगलं झालंच, तर ते कोणी कायम करण्याआधी घेऊन पळावं.

(हे तात्पर्य तात्पुरतं आहे. कायमचं तात्पर्य समितीपुढे आहे.)