दिघेकाकांचा नीजडिंक

आमच्या सोसायटीत सकाळी कोणी कोणाला 'केम छो' म्हणायच्या आत दिघेकाका फाटकापाशी उभे राहून "काल काय पडलं?" असं विचारतात. नवे भाडेकरू दचकून खिसे चाचपतात. जुने लोक थांबतात आणि रात्री पडलेलं स्वप्न सांगून टाकतात. काका डोळे मिटून ऐकतात, अंगठा तर्जनीवर घासून बघतात आणि निकाल देतात, "पातळ आहे. धरणार नाही."

ते तपासतात तो नीजडिंक. बाभळीला डिंक येतो तसा स्वप्नाला येतो तो. इथे नाही, 'तिकडे'. तिकडे म्हणजे कुठे, हे मी सेक्रेटरी या नात्याने नीट विचारून घेतलं आहे. नकाशात नाही. तिथली माणसं उठल्या उठल्या उशीखालचा डिंक खरवडून वाटीत काढतात आणि नाक्यावर जमा करतात. त्यावर त्या देशाचं सगळं चालतं. रस्त्यातले खड्डे, धरणाच्या भेगा, फुटलेल्या बांगड्या, बिघडलेली सोयरीक, सगळं त्यानेच जोडतात. परीक्षेच्या स्वप्नाच्या गुठळ्या होतात, त्या बैलगाडीच्या चाकांना. भीतीचा डिंक काळा, पण लगेच घट्ट होतो. उडण्याच्या स्वप्नाचा सगळ्यात हलका. तो एक्स्पोर्ट क्वालिटी.

काका रिफायनरीत होते. पाइपांच्या जोडांतली गळती शोधणं हे त्यांचं जन्मभराचं काम. इथे शहाण्या वाचकाला वाटेल की म्हाताऱ्याचं डोकं फिरलंय. अजिबात नाही. आमच्या टाकीचा व्हॉल्व्ह बिघडलेला प्लंबरच्या आधी त्यांना कळतो, विजेचं बिल वेळेवर जातं, रिक्षावाल्याशी ते अस्खलित गुजरातीत भांडतात. नीजडिंक खरा नाही, हे त्यांना तुमच्याइतकंच ठाऊक आहे. त्यांना ते महत्त्वाचं वाटत नाही, एवढंच.

माझी स्वप्नं बहुतेक नापास होतात. पाण्याचा टँकर आला नाही, यादी सापडत नाही, असलीच असतात ती. "वर्षाबेन, तुम्ही झोपेतपण ऑफिसातच," असं म्हणून काका पुढे जातात. पण एकदा माझे वडील सायकलवरून डभोईच्या रस्त्याने शीळ घालत जाताना दिसले. काकांनी बोटं घासली, थांबले, परत घासली. "अव्वल," म्हणाले. त्या डिंकाने तिकडे एक पूल बांधला. त्याला माझं नाव आहे. हे मी नवऱ्याच्या ऑफिसातल्या लोकांनाही सांगितलं आहे आणि मला त्याची लाज वाटत नाही.

एकदा मी उलट विचारलं, "काका, तुमचं काय पडलं?"

"मला पडत नाहीत," ते म्हणाले. "आमची सगळी खरेदी बाहेरून."

मध्यंतरी त्यांच्या मुलीचा, मंजिरीचा, बंगलोरहून फोन आला. काकू गेल्यापासून काका एकटेच राहतात. मंजिरीला कोणीतरी कळवलं होतं की बाबा भलतंसलतं बोलतात. "मी बघायला येतेय, ताई. तसं असेल तर त्यांना घेऊनच जाईन."

मी कामाला लागले. काकांसमोर काढायचे नाहीत ते विषय लिहून जिन्यात लावले: झोप, उशी, डिंक, गळती. मंजिरीला दिसू नये म्हणून ती येण्याच्या आदल्या दिवशी तो कागद काढला. काकांनाही सांगितलं. ते म्हणाले, "बरं." मंजिरी आल्यावर दोन दिवस ते फाटकापाशी आलेच नाहीत. मुलीसमोर खुर्चीत बसून पेपर वाचायचे आणि विचारलं की "ठीक आहे" म्हणायचे. सुट्टीच्या दिवशीच्या कारखान्यासारखे दिसत होते. मंजिरीने त्यांचे कपडे बॅगेत भरायला घेतले.

तिसऱ्या दिवशी मी त्यांच्याकडे चहाला बसले होते, तेवढ्यात समोरच्या हंसाबेन खमणाची ताटली घेऊन आल्या आणि सवयीने रात्रीचं स्वप्न सांगू लागल्या, "काका, आजे मारो माल लेवा ना आव्या? मोटो हाथी जोयो, हाथी!"

काकांची बोटं आपोआप एकमेकांवर घासली गेली. मग त्यांनी हात मांडीखाली घातला.

"कसला माल?" मंजिरीने विचारलं.

"सोसायटीचं आहे काहीतरी," मी म्हणाले.

"नीजडिंक," काका म्हणाले. खोटं बोलणं त्यांना जमत नाही.

मंजिरीने कप खाली ठेवला. मग हळूच म्हणाली, "बाबा, कापलेला पतंग अजून परत येतो?"

"येतो की," काका म्हणाले. "मांजाला बोटभर लावायचा. कोणी कापला तरी संध्याकाळपर्यंत आपल्या गच्चीवर. तू सांगितलंस तसंच. फॉर्म्युला बदललेला नाही."

हे मला आणि हंसाबेनना नवीन होतं. मंजिरीनेच उलगडलं. ती पहिलीत असताना उत्तरायणला, म्हणजे संक्रांतीला, तिचा लाल पतंग कापला गेला. रडत रडत झोपली आणि सकाळी उठून बाबांना म्हणाली, स्वप्नात एक डिंक सापडला. "मी तर पार विसरले होते," ती म्हणाली.

काका ताठ झाले. आमच्याकडे वळून, कारखाना दाखवायला आणलेल्या पाहुण्यांना सांगावं तसं म्हणाले, "मूळ माल हिचा. मी फक्त गळती बघितली."

बॅग रिकामी झाली. मंजिरी एकटी परत गेली, आणि बाबांचं सगळं नीट चालू आहे असं निघताना मलाच सांगून गेली.

आता रोज सकाळी फाटकापाशी काकांना मंजिरीचा फोन येतो. आमचा माल ते अजूनही कडक तपासतात. हंसाबेनचा हत्ती नापास झाला. मंजिरीच्या स्वप्नाला मात्र बोटं लावत नाहीत. फोन कानाशी धरून नुसते ऐकतात, आणि आपला नंबर कधी लागतो म्हणून उभ्या असलेल्या आम्हाला दुसऱ्या हाताने थांबवून ठेवतात.