भिंगरीचा भत्ता आणि माझा नेम

गर्व करू नये, असं मी रोज पहाटे देवासमोर बसून स्वतःला बजावते. पण खरं ते लिहायला काय हरकत आहे? गेली एकोणीस वर्षं मी पाच नेम पाळते आणि त्यातला एकही, अगदी तापाने फणफणलेली असतानाही, परवापरवापर्यंत मोडलेला नव्हता! सकाळी अर्धा तास मौन. रोजचा जप. आवाज चढवायचा नाही. खोटं बोलायचं नाही. आणि पाचवा, माझा सगळ्यात लाडका : कुणाकडून काही घेतलं तर त्याहून थोडं जास्त परत द्यायचं, तेही गुपचूप. बोभाटा झाला की पुण्य उडालंच म्हणून समजा, बूच उघडं राहिलेल्या अत्तरासारखं.

इतक्या शिस्तीच्या बाईच्या हातून घोटाळा होईलच कसा?

झाला. चांगला सहा महिने पुरला!

ह्यांचं घड्याळ दुरुस्तीचं दुकान आहे. घरातसुद्धा तेवीस घड्याळं टिकटिकतात. वेळच वेळ, पण तो मागणारं कुणी नाही. आम्हाला मूलबाळ नाही. मग एके दिवशी कळलं की काही मुलांच्या घरी आजारपणाने किंवा कशाने तरी सगळं विस्कटलेलं असतं आणि तिथली घडी बसेपर्यंत त्यांना सांभाळायला दुसरं घर लागतं. दत्तक नव्हे हो, प्रतिपालक! आम्ही अर्ज केला.

बालकल्याण कार्यालयातून एक बाई पाहणीला आल्या. मी मनातल्या मनात त्यांचं नाव पाहणीबाई ठेवलं. त्यांनी खोल्या पाहिल्या, खिडक्यांचे गज हलवून पाहिले, औषधाचं कपाट किती उंचावर आहे ते मोजलं.

"राग आला की काय करता?" त्यांनी विचारलं.

"मी जप करते," मी म्हणाले.

"आणि मी दुकानात जातो," हे म्हणाले.

त्यांनी दोन्ही लिहून घेतलं. मग म्हणाल्या, "आता संगोपन भत्ता. जेवण, कपडे, शाळा यांसाठी दर महिन्याच्या दोन तारखेला ठरावीक रक्कम तुमच्या खात्यात येईल. पलंग-कपाटासाठी सुरुवातीला एकदा वेगळे. औषधपाणी वेगळं."

मी गारच पडले! "मुलीला जेवू घालायचे पैसे घ्यायचे? छे छे छे!"

"काकू, हे काही बक्षीस नाही. तिच्या हक्काचे आहेत ते. आणि खातं जोडल्याशिवाय अर्ज पुढे सरकत नाही."

"अगं, सही कर," हे हळूच म्हणाले. "मुलगी यायची थांबेल."

मी सही केली. 

आणि भिंगरी आली! नऊ वर्षांची. नाव मी ठेवलं, कारण पोर एका जागी टिकेल तर शपथ. जेवताना उभी, अभ्यास करताना चालती, झोपेत सुद्धा उशी पायथ्याशी नेणार. तिची आई लांबलेल्या आजारात, इस्पितळात. दर दोन तारखेला कार्यालयातल्या भेटीच्या खोलीत आईला तासभर आणत आणि मी भिंगरीला घेऊन जायची. पहिल्या महिन्यात ती माझ्याशी बोलली नाही. दुसऱ्यात म्हणाली, "काकू, तुमचं एक घड्याळ मागे आहे." तिसऱ्यापासून जी सुरू झाली, ती थांबलेली नाही.

पण माझ्या जिवाला स्वस्थता नव्हती. खात्यात पैसे पडत होते आणि मला ते अंथरुणातल्या खड्यासारखे टोचत होते! जपाचे मणी सोडून मी नोटाच मोजतेय असं वाटायचं. शेवटी कार्यालयाच्या दारातच मला उपाय दिसला. लोखंडी पेटी! वर लिहिलेलं : मुलांसाठी दान.

अहाहा! दोन तारखेला बँकेतून भत्ता काढायचा, वर पदरची एक नोट घालायची आणि पेटीत सोडायचा. भिंगरीला लागेल ते ह्यांच्या दुकानाच्या कमाईतून. घेतलेलं परत गेलं, जास्त गेलं, कुणाला कळलं नाही. नेम वाचला! त्या रात्री मी बाळासारखी झोपले.

तिसऱ्या महिन्यात पत्र आलं. ह्यांनी मोठ्याने वाचलं. "एका अज्ञात दात्याच्या उदारपणामुळे आपल्या अकराही प्रतिपालक घरांच्या भत्त्यात वाढ करताना आनंद होत आहे!"

"वा!" हे म्हणाले. "जगात चांगली माणसं आहेत बघ!"

 भत्ता वाढला म्हणजे मला पेटीतही वाढवून टाकायला हवं! टाकलं. पाचव्या महिन्यात पुन्हा पत्र. दात्याची उदारता वाढली होती म्हणे, सबब आणखी वाढ! आता वर घालायची नोट येणार कुठून? मी माझ्या चपलेला तिसऱ्यांदा टाका घालून घेतला. सकाळच्या मौनात मी खोलीतल्या खोलीत येरझाऱ्या घालू लागले. भिंगरी माझ्या मागोमाग. आम्ही दोघी घाण्याला जुंपल्यासारख्या गोल गोल!

त्यात आमच्या वन्सं. म्हणजे ह्यांच्या मोठ्या बहीण. त्यांच्या नजरेतून मुंगी सुटत नाही आणि तोंडातून कुणीच सुटत नाही.

"काय वहिनी, पोर सांभाळायचे पैसे मिळतात म्हणे! छान आहे बाई धंदा."

मी जप केला.

"परवा बँकेतून चांगलं पुडकं घेऊन निघालात. पोरीचे बूट मात्र फाटकेच!"

बूट फाटके होते कारण भिंगरी नवे घालतच नव्हती. नवे कपाटात. हे फाटके तिला तिच्या आईने घेतलेले. पण हे वन्संना कोण सांगणार? त्यांनी थेट ह्यांना गाठलं. रात्री हे माझ्यासमोर येऊन बसले. चेहरा बंद पडलेल्या घड्याळासारखा.

"अगं, खरं सांग. कुठल्या बुवाच्या नादी लागलीस का?"

"नाही हो!"

"मग पैसे?"

खोटं बोलायचं नाही. सांगायचंही नाही. दोन नेमांच्या मधोमध मी दारात बोट सापडल्यासारखी उभी!

"सुखरूप आहेत," मी म्हणाले.

सहामाही तपासणीला पाहणीबाई आल्या, त्यांनीही आधी बूटच पाहिले. मग पासबुक.

"काकू, दर महिन्याला सगळी रक्कम एकदम काढलीय. पावत्या?"

"नाहीत."

"मुलीवर खर्च केले?"

"ते... नाही. तिला आम्ही आमच्यातून करतो."

"मग घरात ठेवलेत?"

"नाही."

"कुणाला दिले?"

मी जप सुरू केला. पाहणीबाई माझ्याकडे बघत राहिल्या. रागाने नव्हे, आणि तेच फार वाईट होतं. "काकू, मुलगी तुमच्याकडे खुश आहे, मला दिसतंय. पण तिचे पैसे कुठे गेले याचं उत्तर मिळालं नाही, तर समितीला तिला दुसऱ्या घरी हलवावं लागेल. गुरुवारी अकरा वाजता या."

दाराआड भिंगरी उभी होती.  संध्याकाळी पाहिलं तर तिने आपली पिशवी भरली होती. बूट वर. आणि पोर चक्क एका जागी बसली होती! सहा महिन्यांत पहिल्यांदा. मला ते बघवेना.

गुरुवारपर्यंत माझा जप शंभरात चाळीस वेळा चुकला. मनात एकच तराजू : एका पारड्यात एकोणीस वर्षं, दुसऱ्यात ही स्थिर बसलेली भिंगरी. खरं सांगते, लाज वाटते, पण भिंगरीचं पारडं खाली जायला तीन दिवस लागले.

समितीच्या खोलीत लांब टेबल. पलीकडे अध्यक्षीणबाई, पाहणीबाई आणि जाड चष्म्याचे हिशेबनीस. अलीकडे हे, मी आणि भिंगरी. दारात शिपाई. वन्संही आल्या होत्या, "आधार म्हणून".

"शेवटचं विचारते," अध्यक्षीणबाई म्हणाल्या. "पैसे कुठे आहेत?"

मी उभी राहिले. आणि एकोणीस वर्षांत पहिल्यांदा ओरडले! "तुमच्याच पेटीत!"

एकदम दोन नेम मोडले. गुप्तदानही गेलं आणि आवाजही चढला.

 मग हिशेबनीस हसले. "बाई, तो दाता तुमच्या भत्त्यापेक्षा जास्त टाकतो दर महिन्याला. दुसऱ्याच्या पुण्यावर कशाला हात मारता?"

"वर घातलेली नोट माझीच!"

"आम्ही तेच तर विचारतोय, पुरावा काय?"

काय पुरावा देणार? पुरावा राहू नये म्हणून तर सगळा खटाटोप! मी ह्यांच्याकडे पाहिलं. ह्यांनी छताकडे. वन्संनी घसा साफ केला.

"मी सांगू?" भिंगरी म्हणाली. "काकू दारात आल्या की शिपाईकाकांना किती वाजले ते विचारतात. शिपाईकाका घड्याळ बघायला आत जातात. तेवढ्यात काकू पेटीत पुडकं कोंबतात. एकदा अडकलं होतं. मी पट्टीने ढकललं."

"तुला माहीत होतं?" मी थक्क!

"हो. पण तुम्ही इकडेतिकडे बघत होता ना. म्हटलं, गुपित असेल."

शिपायाने कपाळाला हात लावला. "अहो साहेब, खरंय! ह्या बाई दर दोन तारखेला वेळ विचारतात. मला वाटायचं, बिचाऱ्यांकडे घड्याळ नसेल!"

"तेवीस आहेत!" हे किंचाळले. "तेवीस!"

पाहणीबाईंनी तोंडाला पदर लावला. हिशेबनीस पेटीची वही आणि माझं पासबुक शेजारी धरून बोटाने ओळी मिळवू लागले. दोन तारीख, दोन तारीख, दोन तारीख. चष्मा कपाळावर गेला. "म्हणजे आम्ही ह्यांचेच पैसे ह्यांना वाढवून देत होतो?"

"आणि बाकीच्या दहा घरांनाही," अध्यक्षीणबाई म्हणाल्या. मग माझ्याकडे वळल्या. "काकू, दान चांगलंच हो. पण हे पैसे तुमचे नव्हतेच. तिचे होते. तिला न विचारता तुम्ही तिचे पैसे वाटलेत."

हे मात्र माझ्या डोक्यात कधी आलंच नव्हतं! एकोणीस वर्षं जपून ठेवलेली अक्कल अशी टेबलावर उताणी पडली. मी खाली बसले.

"तुला कुठे राहायचंय?" त्यांनी भिंगरीला विचारलं.

"आई बरी होईपर्यंत इथेच. काकूंकडे." ती आता खुर्चीवर एका पायावर उभी होती. "पण एक सांगू? काकूंच्या हातात पैसे देऊ नका. त्यांना सांभाळता येत नाहीत."

वन्संसकट सगळे हसले. ह्यांनी रुमाल काढून डोळे पुसले, हसून की कशाने, मी विचारलं नाही.

समितीने शेरा लिहिला, शिक्क्यानिशी : मुलगी याच घरी राहील. भत्ता चालू राहील. खर्चाच्या पावत्या ठेवाव्यात आणि खरेदीस मुलीला सोबत न्यावे.

तेव्हापासून दोन तारखेला, आईची भेट झाली की भिंगरी माझा हात धरून मला बँकेत नेते आणि तिथून थेट दुकानात. वही, पेन्सिली, पावती. मोजे, पावती. तिच्या आईसाठी शाल, त्याचीही पावती. कार्यालयाच्या दारातल्या पेटीजवळून जाताना तर ती माझ्या डोळ्यांवर पंजाच धरते!

आता हे सगळं तुम्हाला लिहून कळवलं म्हणजे उरलंसुरलं पुण्यही संपलं. काल लिहीत बसले होते, तर भिंगरी मागे येऊन उभी राहिली.

"काकू, गोष्ट लिहिली की पैसे देतात?"

"देतात थोडे," मी म्हणाले. खोटं बोलायचं नाही ना!

"मग आणायला मी येते," ती म्हणाली.