रानाची परवानगी घेणारे काका

बापट काका रानात शिरण्याआधी विचारतात, "येऊ का?"

अगदी मोठ्याने, मराठीत. मग क्षणभर थांबतात, आतून कोणी 'या' म्हटल्यासारखी मान हलवतात आणि पँट मोज्यांत खोचून पाऊल टाकतात. गोचीड आत शिरू नये म्हणून.

"माझ्या स्वयंपाकघरात शिरताना कधी विचारलं नाहीत हो!" काकू मागून ओरडतात.

रान म्हणजे फार काही नाही. वेस्ट विंडसरमधल्या त्यांच्या घरामागे ओक आणि बीचची झाडं, मधून एक ओढा, कुजक्या पानांचा ओलसर वास. दहा मिनिटांत आरपार. काकांना तास लागतो. खारीला आधी वाट द्यायची. हरणं चरत असली तर टक लावून बघायचं नाही, "तुझ्या ताटात कोणी असं बघितलं तर?" मी भरभर चालले की म्हणतात, "घाई हायवेवर. इथे आपण पाहुणे."

मी त्यांच्याकडे पोळ्या करते. आठवीत शाळा सुटलेली, इंग्रजी मोडकंतोडकं. इथे परदेशात दुकानात शिरतानासुद्धा मला धडधडतं. काका औषध कंपनीतून रिटायर झालेले शास्त्रज्ञ. असा माणूस गेल्या वर्षापासून मला म्हणतो, "कणीक मुरतेय तोवर चल, चक्कर मारू." त्याचं फार अप्रूप वाटतं. आणि भीतीही, कारण आत गेलं की परीक्षा सुरू.

"आत्ता कोण बोललं?"

"तो लाल पक्षी, काका. कार्डिनल."

"कुठून?"

मी घाबरत बोट दाखवते.

"शाबास!"

इतके शाबास मला सगळ्या शाळेत मिळाले नव्हते.

यंदा प्रश्न एकच होता: वुड थ्रश आला का? तपकिरी पाठ, छातीवर ठिपके, दर वसंतात दक्षिणेकडून येणारा. हिवाळ्यात पलीकडे नवी घरं उठली, अर्धं रान गेलं. "घर मोडलेलं बघून परत फिरला असेल," काका रोज म्हणायचे. मे निम्मा सरला. काकांच्या वाटच्या पोळ्या डब्यात उरायला लागल्या.

मंगळवारी ओढ्यापाशी थांबलो, आणि डोक्यावरच्या फांदीतून तो गायला लागला. इतक्या जवळून की मी दचकले. काकांकडे बघितलं, तर ते भलतीकडेच बघत होते.

"आजपण काही नाही ना?" त्यांनी विचारलं.

ती परीक्षा कधी नव्हतीच. काका खरंच विचारत होते.

"काका, तुम्हाला..."

"माणसांचं येतं गं ऐकू. पक्ष्यांचं गेलं, दोन वर्षं झाली." मग हळूच, "काकूला बोलू नकोस. तिला वाटतं, मी फक्त तिचंच ऐकत नाही."

"तो आलाय, काका. आपल्या डोक्यावर आहे."

ते वर बघेनात. माझ्याच तोंडाकडे बघत राहिले. "कसा गातोय?"

"बासरी पाण्यात बुडवून वाजवावी तसा. आता थांबला. आता परत, जरा वरच्या सुरात."

"बुडवून," काका हसले. "अगदी. पुढे सांग."

तो गात होता तोवर मी सांगत राहिले.