आठवं मरण

आमच्या शेजारचे वानोकाका दिवसातून एकदा तरी मरतात.

पहिल्यांदा मेले तेव्हा मी इथल्या, अमेरिकेतल्या, डेव्हन रस्त्यावरच्या देशी दुकानातून कोथिंबीर घेऊन येत होते. जिना चढून आले तर आमच्याच दारापुढे हे आडवे. छातीवर हात, डोळे उघडे, तोंड उघडं. इंग्रजी येत नाही, फोन कुणाला करायचा तेही सुचेना. एवढंच डोक्यात आलं, की माणूस कोरड्या तोंडानं जाऊ नये. धावत घरात गेले, गंगेचा गडू फोडला आणि दोन थेंब त्यांच्या तोंडात सोडले.

मेलेला माणूस शिंकला. उठून बसला आणि मला वाकून नमस्कार केला.

"आजी, ही इज जस्ट ॲक्टिंग!" माझी नात तन्वी हसून हसून लोळली.

वानोकाका जॉर्जियाचे. अमेरिकेतलं नव्हे, तिकडे रशियाच्या खाली त्या नावाचा डोंगराळ देश आहे, तिथले. वय नव्वदीच्या पुढे. त्यांचे वडील मूकपटातले नट. भुवया जाड, म्हणून कायम दुष्टाचं काम. "बिग आयब्रो, बॅड मॅन," असं काका स्वतःच्या भुवया बोटांनी वर ढकलून सांगतात. वडिलांचे सात सिनेमे शिल्लक आहेत आणि सातही सिनेमांत ते मरतात. कुठे घोड्यावरून पडून, कुठे कड्यावरून, एकदा तर लग्नाच्या पंगतीत विष खाऊन. पंगतीतलं मरण काका नेमकं आमच्याकडे जेवताना करून दाखवतात. माझ्या हातून पळी पडते. "डाइंग, हार्ड वर्क!" म्हणत ते उठतात आणि आणखी एक पोळी मागतात.

हसू येतं, पण भीतीही वाटते. एक दिवस खरंच पडतील आणि आम्ही हसत बसू.

त्यांची भीती वेगळी. दारावर थाप पडली की ते उघडत नाहीत. चार वर्षांचे असताना एका पहाटे अशीच थाप पडली आणि सरकारची माणसं वडिलांना घेऊन गेली. ते परत आले नाहीत. म्हणून मी थाप मारत नाही. हाक मारायची लाज वाटते, तेव्हा दाराशी उभी राहून बांगड्या वाजवते. काका उघडतात.

गेल्या महिन्यात ते तीन दिवस मेलेच नाहीत. बांगड्या वाजवून हात दुखला. तिसऱ्या दिवशी तन्वीला घेऊन गेले आणि लाज सोडून ओरडले, "वानोकाका!"

दार किलकिलं झालं. चेहरा पांढराफटक. टेबलावर टॅब्लेट पालथा घातलेला.

तन्वीनं विचारून घेतलं. त्यांच्या देशात जुन्या फिल्म जपणाऱ्या लोकांना वडिलांच्या आणखी एका फिल्मचा तुकडा सापडला होता. त्यांनी तो पाठवला होता.

"मग बघितला का?"

"सेव्हन टाइम डेड," काका म्हणाले. सात बोटं वर केली, मग आठवं, आणि मान हलवली. "नो. नो मोअर."

तन्वी हळूच म्हणाली, "आजी, त्यांना त्यांचे डॅड दुसरे आठवतच नाहीत. ओन्ली मरताना."

मी परक्या पुरुषाशेजारी कधी बसलेली नाही. त्या दिवशी बसले. काकांनी माझ्या पदराचं टोक मुठीत धरलं. तन्वीला मीच म्हटलं, "लाव."

डोंगर, घोडे, धूळ. वडील घोड्यावरून पडले आणि हलेनात. पदर ताणला गेला. घोडे निघून गेले. मला वाटलं, संपलं. मीच का लाव म्हटलं असं झालं.

पण चित्र चालूच होतं. कॅमेरा फिरवणारा माणूस बहुतेक थांबायला विसरला होता. जमिनीवरच्या माणसानं एक डोळा उघडला. इकडेतिकडे बघितलं. मग उठला, विजार झटकली, टोपी शोधली आणि हसत हसत आमच्याच दिशेनं चालत आला.

काका त्याच्याकडे बघून त्यांच्या भाषेत काहीतरी बोलले.

"काय म्हणाले गं?"

"आय डोन्ट नो, आजी."

मलाही ती भाषा येत नाही. पण बाहेरून दमून आलेल्या माणसाला घरातलं माणूस जेवलास का विचारतं ना, तो आवाज होता.