गुलाबभाऊंचा खलनायक

उंद्रीच्या बाजारात सिनेमाचा तंबू लागला, की आमचे शेजारी गुलाबभाऊ शिंपी हिरो दिसताच बिडी ओढायला बाहेर जात. खलनायक आल्याचं कळलं की धावत आत येत आणि टोपी काढून उभे राहत.

"बस ना बे खाली," मागचे ओरडत.

"हिरोले काय, गानं म्हटलं का झालं," ते मला सांगत. "मेहनत सारी बदमाशाची. त्याले वाईट वागाले कारन पाह्यजे. कारन नसलं तं तो साप, मानूस नाही."

हा माणूस दिवसभर लेकरांची झबली शिवायचा. पस्तिशी आली तरी लग्न नव्हतं. मी घरातला पहिला बी.ए.; पण माणूस वाचायला शिकलो तो त्यांच्या मशीनजवळ बसून.

त्या वर्षी गावच्या नाटकात ते विधवेचं लेकरू पळवणारे कारभारी झाले. त्याच दिवशी पिंपळगाव राजाचे पाहुणे मुलीसह गुलाबभाऊंचं घर पाहायला आले. पोहे झाले, घर पसंत पडलं. मुलीचे वडील म्हणाले, "नाटक पाहू, मंग सुपारी फोडू."

आम्ही हात जोडले, "भाऊ, आज जरा बेतानं."

"चार गावच्या गाड्या आल्या. त्याइले फिकं वाढू काय?"

मी पडद्याआड प्रॉम्प्टर होतो. लेकरू हिसकावताना त्यांनी मोठ्यानं गरजायचं होतं. पण ऐन वेळी ते अगदी हळू, जवळजवळ लाडानं बोलले, "दे इकडं." मांडवातली रडकी पोरंही गप्प झाली. माझं पान उलटायचंच राहिलं.

अंक संपायच्या आत पाहुण्यांनी गाडी जुंपली. मी मागे धावलो.

"काका, ते नाटक आहे."

"समजते हो मले," मुलीचे वडील म्हणाले. "पन हे येवढं आलं कोठून?"

परत येऊन मी तेच सांगितलं. रंग पुसता पुसता गुलाबभाऊंचा चेहरा फुलला.

"येवढं आलं कोठून म्हनले?" त्यांनी माझ्याकडून दोनदा वदवून घेतलं. मग हातातलं फडकं थांबलं.

"अन् ती?"

"मागं वळून पाहत होती. गाडी वळेपर्यंत."

"मी लेकराले हात घातला तं तिनं पदर तोंडाशी नेला होता," ते म्हणाले. "ती भेऊ नाही म्हून तं आवाज खाली घेतला बे मीनं."