उजवीकडचा माणूस

नारिनच्या कब्रस्तानात वडिलांच्या कबरीवरच्या नव्या दगडाचं कापड निघालं आणि सायरा वाकून बघू लागली. दगडावर वडिलांऐवजी शेजारच्या जुमाबेकचा चेहरा कोरला होता. खरे जुमाबेक तिच्या मागेच उभे होते, धडधाकट.

"छान आलोय की," ते पुटपुटले. "पण मी अजून आहे ना, पोरी?"

नऊ वर्षांपूर्वी घाटात बर्फ कोसळला, ओशहून निघालेली सायरा दोन दिवस अडकली, आणि धाकट्या मेदेरने तिची वाट न पाहता वडिलांना पुरलं. तेव्हापासून बहीणभावांत अबोला. निरोप जायचे ते जुमाबेकमार्फत. वडिलांचा एकुलता एक फोटो, तोही जुमाबेकशेजारी उभं राहून काढलेला, सायराने दगडावर चेहरा कोरायला त्यांच्याच हाती धाडला. "डावीकडचे बाबा" असं बजावून. जुमाबेकना पक्कं आठवत होतं, फोटो काढताना मित्र आपल्या उजव्या हाताला उभा होता. त्यांनी पोरीची चूक सुधारून "उजवीकडचे बाबा" असा निरोप दिला. मेदेरला फोटो बघवेना. त्याने पाकीट न उघडताच निरोपासकट दगडवाल्याला दिलं.

दुपारी बहीणभाऊ दगडवाल्यासमोर उभे राहिले.

"फोटोचा दुसरा अर्धा भाग?" सायराने विचारलं.

"कापून चुलीत टाकला. चेहरा सांगा, काढतो."

"तीळ डाव्या गालावर," मेदेर म्हणाला.

"उजव्या!" सायरा नऊ वर्षांत प्रथमच त्याच्याशी बोलली. "कान पिळायचे तेव्हा नाकासमोर यायचा."

"तुझा कान कधी पिळला गं? दही तू सांडायचीस, कान माझा!"

"तू मांजराचं नाव घ्यायचास. आपल्याकडे मांजर होतं कुठे?"

मेदेर खुदकन हसला. मग त्याने थोरल्या बहिणीला मारायची ती जुनी हाक मारली. "एजे, डोळे कसे होते गं त्यांचे?"

सायराने डोळे मिटून पाहिलं. आत कोणीच नव्हतं.

"नाही रे आठवत," ती रडू लागली. "शेवटचं बघूही दिलं नाहीस तू."

"चुकलो, एजे."

दगडवाल्याने मेदेरला निरखलं. "तुम्हीच बसा समोर. बापावरच गेला असाल."

मेदेर बसला. सायरा बघत राहिली. कानशिलं पांढरी, गालफडं बसलेली.

"कधी म्हातारा झालास रे?"

"तू नव्हतीस तेव्हा."

"जरा करारी बघा," दगडवाला म्हणाला. मेदेरने भुवया ताणल्या, हनुवटी थरथरली.

"अरे, नऊ वर्षं माझ्याशी बोलला नाहीस, तसा चेहरा कर ना!" सायरा म्हणाली.

"जमत नाहीये, एजे."

दगडवाल्याने पेन्सिल कानावर खोचली. "रडका म्हातारा मी कोरत नाही. उद्या या. दोघंही."