आठवण एकदाच जायला हवी

"आठवण एकदाच जायला हवी," टीमच्या मुख्य बाई म्हणाल्या. "तुझ्याकडून दोनदा जातेय. हे मिटल्याशिवाय खुर्ची सोडायची नाही."

नेमकी आजच त्याला खुर्ची सोडायची होती. आईला दाढ काढायला न्यायचं कबूल केलं होतं. 'तू असशील तरच जाईन,' असं तिनं बजावलं होतं. आणि तो लिहीत होता तो प्रोग्रामही दवाखान्यांसाठीचाच, पेशंटला मेसेजवर वेळेची आठवण करून देणारा.

तपासायची रीत साधी. प्रोग्राममधल्या मेसेज धाडणाऱ्या खऱ्या निरोप्याच्या जागी एक तोतया उभा करायचा. त्यानं कुठे जायचं नाही, कुणाशी बोलायचं नाही; आपल्याला किती वेळा हाक आली, तेवढं मुकाट मोजायचं. नमुन्याला नंबर आईचा घातला होता, कारण तेवढाच पाठ होता. मजकूरही तिच्या दाढेचाच.

टेस्ट चालवली. हवी एक हाक, आल्या दोन. एक ओळ खोडली. दोनच. दुसरी हलवली. तरी दोनच.

फोन वाजला. "अरे, दवाखान्यातून सारखे मेसेज येतायत," आईचा आवाज बारीक झाला होता. "'दाढ काढण्यासाठी यावे.' एवढं काय बिघडलंय माझ्या दाढेत?"

"काही नाही गं, सगळ्यांनाच पाठवत असतील. हे झालं की निघालोच." बोलता बोलता त्यानं टेस्ट पुन्हा चालवली.

"बघ, परत आले. जोडीनं येतात रे. मी जाते बाई आता."

तेव्हा त्यानं टेस्ट पहिल्या ओळीपासून वाचली. घाईघाईत त्यानं तोतया बसवलाच नव्हता. बसवला होता हेर. तो हाका मोजतो खरा, पण खऱ्या निरोप्यालाही कामाला धाडतो.

"आई, ऐक." फोन बंद झाला होता.

हेर उठवून त्यानं तोतया बसवला, मग दोषही सापडला. वेळ ठरली की एक मेसेज, ती जतन झाली की दुसरा. टेस्ट पास होऊन हिरवी झाली, बाईंनी मान डोलावली आणि तो धावत दवाखान्यात पोचला. आई बाकावर बसली होती, गालात कापूस, डोळ्यांत पाणी.

"वर्षभर टाळत होत्या," डॉक्टर म्हणाले. "आज आपणहून आल्या. म्हणाल्या, दाढ काढा, पण ते मेसेज थांबवा. आम्ही तर एकही पाठवला नाही हो. कुणी बनवलंय ते? आम्हाला हवंय."

"आता आठवण एकदाच जाते," तो पुटपुटला.

"मग काय उपयोग?"

तो आईशेजारी टेकला. "मी यायला हवं होतं," तो हळूच म्हणाला. तिला बोलता येत नव्हतं. तिनं फोन घेऊन एका बोटानं काहीतरी टाइप केलं. त्याच्या खिशात थरथर झाली. 'जेवलास का?'

त्यानं मान हलवली. तरी खिसा पुन्हा थरथरला. तेच विचारलं होतं.

यातला दोष मात्र तो शोधायला गेला नाही.